शेवटच्या कडव्यातलं नाव

रत्नागिरी
४ जुलै २०२५

ती. मथुरावहिनीस,

सावित्रीचा नमस्कार. त्यापुढचं 'विनंती विशेष' गाळते. चौतीस वर्षं कोर्टात स्टेनो म्हणून लोकांच्या विनंत्या टाइप केल्या, आता माझ्या पत्रात तरी नकोत.

ऋतिका, वाचून तू दाखवणार आहेस, म्हणून आधी दोन ओळी तुला. आजीच्या उजव्या कानाशी बस, डाव्याने तिला ऐकू येत नाही. सावकाश वाच. तुझी आई लग्नपत्रिका वाचते तसं मधलं सोडून शेवटाला जाऊ नकोस. फोन का नाही केला म्हणशील, तर फोनवर तुझी आजी "बरी हायस ना?" एवढंच विचारते, मी "बरी आहे" म्हणते आणि मग दोघी दुसरीने फोन ठेवायची वाट बघत बसतो. तुझे आजोबा गेल्यापासून, म्हणजे सहा वर्षं, हे असं चाललंय.

वहिनी, इकडे सगळं ठीक. माझा गुडघा पायऱ्या उतरताना कुरकुरतो, चढताना गप्प असतो. मागच्या कोकमाला यंदा फळ बरं धरलं, पण आमसुलं वाळवायला ऊन मिळालं नाही. तुझा सर्वेश परवा येऊन गेला. गावची भाताची लावणी निम्मी झालीय. बायका मिळत नाहीत म्हणून तक्रार करत होता. मी म्हटलं, तू वाक की. तर म्हणतो, आत्या, मला पाठीचा त्रास आहे. तुझ्या पाठीबद्दल त्याने कधी विचारल्याचं मला आठवत नाही.

आता मुख्य बातमी. आपल्या गावच्या नाचमंडळाला यंदा पन्नास वर्षं होतात, म्हणून दादाच्या गाण्यांचं पुस्तक काढायचं ठरलंय. 'शाहीर हरिश्चंद्र यांची शक्तीची गाणी.' ऋतिका, तू तिकडे वाढलीस, तुला हे कोणी सांगितलं नसेल. गणपतीत आपल्याकडे गावोगाव नाच होतो. मधे गाणारे बसतात, भोवती पायात चाळ बांधलेले नाचणारे फिरतात. दोन बाजू असतात. शक्तीवाले देवीची बाजू मांडतात, तुरेवाले शिवाची, आणि गाण्यातूनच एकमेकांना सवाल टाकतात. ज्याने गाणं रचलं त्याचं नाव शेवटच्या कडव्यात येतं. जमिनीला सातबारा, तसं गाण्याला ते कडवं. तुझे आजोबा शक्तीचे शाहीर होते आणि त्यांच्या शेवटच्या कडव्याला तुरेवाले दबून असत.

मंडळाचे चिटणीस माझ्याकडे यादी घेऊन आले. एक्केचाळीस गाण्यांतली नऊ वगळायची म्हणे, कारण ती जरा बाईच्या अंगाने जातात आणि कार्यक्रमाला लेडीज असतील. मी विचारलं, तुरेवाले इतकी वर्षं भर नाचात आमच्या आयाबहिणींची लक्तरं काढत होते तेव्हा लेडीज कुठे होत्या? समोरच बसल्या होत्या, तोंडाला पदर लावून. अपमान झाला तेव्हा कोणाला लाज वाटली नाही. त्याला उत्तर दिलं ती गाणी मात्र अश्लील. चिटणीस चहा न घेता गेले. नऊच्या नऊ गाणी राहणार.

वह्या माझ्याकडेच होत्या, तिन्ही. दर्शन नावाचा एक तरुण प्राध्यापक पुस्तकाचं काम बघतो, तो त्या घेऊन गेला. बायकांच्या कवितेचा त्याचा अभ्यास आहे. मुलगा बरा आहे, चहाचा कप स्वतः विसळून ठेवतो. हस्ताक्षर माझं आहे हे त्याने बघताक्षणी ओळखलं. बरेच प्रश्न विचारले त्याने. मी उत्तरं दिली.

एक सहज विचारते. ते चिखलाचं गाणं तुला अजून आठवतं का? पूर्ण?

नालासोपाऱ्याला पाणी भरलेलं टीव्हीवर दाखवतात. जिने उतरून खाली जाऊ नकोस. तुला काही बघायचं असेल तर खिडकीतून बघ.

तुझी नणंद,
सावित्री

&nbsp;

रत्नागिरी
२४ जुलै २०२५

चि. ऋतिकास,

हे पत्र तुझं आहे. आजीला वाचून दाखवू नकोस.

रविवारच्या पुरवणीतला तो लेख अक्षयाच्या, म्हणजे तुझ्या आईच्या, मोबाइलवर आला असेलच. ज्याला त्याला पुढे पाठवायची घाई झालीय. दर्शन वह्या परत द्यायला आला तेव्हा मला खिडकीपाशी बसवून फोटो काढलाय, मांडीवर वह्या. दर्शनने लिहिलंय की शाहीर हरिश्चंद्र यांची गाणी त्यांच्या बहिणीने लिहिली. पुरावे दोन दिलेत. एक हस्ताक्षर, दुसरी भाषा. 'कर्दम' आणि 'ललाट' असे शब्द शिकलेल्या बाईच्याच लेखणीतून येतील, असं त्याचं म्हणणं. पुरुषाच्या नावामागे दडलेली एक कवयित्री कोकणाला सापडली, असा शेवट आहे. वाचायला छान वाटतं.

बँकेत गेले तर मॅनेजरबाई उठून उभ्या राहिल्या. शेजारच्या मुली वहीवर सही मागायला आल्या. कॉन्व्हेंटच्या माजी विद्यार्थिनींच्या ग्रुपवर माझं अभिनंदन झालं, इंग्रजीतून. त्यातल्या एकीनेही पन्नास वर्षांत माळ्याच्या मुलीला, म्हणजे मला, चहाला बोलावलं नव्हतं. मंडळ दहा ऑगस्टला माझा सत्कार करणार आहे. तुझा सर्वेशमामा आधी धुमसत होता. पण आत्या कोर्टातली, शिकलेली, शिवाय घरचीच, म्हणजे मान घरातच राहतो. आता तो खूश आहे.

तू विचारशील म्हणून सांगते, मी खोटं काही बोललेले नाही. दर्शनने विचारलं, तुम्ही तुमचं नाव का घातलं नाहीत? मी म्हटलं, त्या काळी बायकांना नाव कुठे होतं? यात चुकीचं काय आहे ते मला दाखव.

आजीने विचारलं तर सांग, बरी आहे म्हणून.

सावित्रीआजी

&nbsp;

रत्नागिरी
१२ ऑगस्ट २०२५

वहिनी,

ऋतिका, मागचं पत्र काढ आणि आधी ते आजीला वाचून दाखव. हो, तेच, जे दाखवू नकोस म्हटलं होतं. मग हे घे. तुझी आई मधे येऊन म्हणेल, राहू दे, तिला त्रास होईल. तिला सांग, त्रास देऊन झालाय, चव्वेचाळीस वर्षं झाली. आता फक्त वाचायचं राहिलंय.

वहिनी, ती गाणी तू रचलीस. एक्केचाळीसच्या एक्केचाळीस. हे एवढं वाक्य लिहायला मला चार कागद फाडावे लागले.

वीस दिवस मी कवयित्री होते. खोटं कशाला सांगू, मला आवडलं. सकाळी केस विंचरताना मी आरशात स्वतःकडे जरा थांबून बघत होते, सत्तराव्या वर्षी. सत्काराच्या वेळी म्हणायचं म्हणून चिखलाचं गाणं मी आरशासमोर म्हणूनही पाहिलं. तिसऱ्या ओळीला अडले. वही बघितली, पुन्हा म्हटलं, पुन्हा तिथेच अडले. माझं असतं तर अडले असते का? तू तर भाकरी उलटताना म्हणायचीस.

शनिवारी दुपारी सर्वेश निमंत्रणपत्रिका घेऊन आला तेव्हा मी त्याला सांगितलं. आधी तो हसला. मग पंखा मोठा करून बसला.

"आत्या, आईला सही येत नाही."

"गाणं रचायला सही लागत नाही."

"लोक म्हणतील, बाबा बायकोच्या जिवावर शाहीर झाले."

"म्हणू देत. तू भात कोणाच्या जिवावर खाल्लास?"

त्यावर तो शांतपणे म्हणाला, "तुझं नाव आलं तर मान आहे. आईचं आलं तर हसं आहे. तू शिकलेली आहेस, तूच सांग."

तो वाईटपणाने बोलला नाही, वहिनी, आणि तेच मला लागलं. अंगठा लावणाऱ्या बाईच्या डोक्यातून कविता निघू शकते हे त्याला खरंच पटत नाही. ती बाई त्याची आई असली तरी. आणि हे त्याला शिकवलं कोणी? त्याच्या घरात शिकलेलं माणूस मी एकटी होते.

तुला मी एक गोष्ट कधी सांगितली नाही. बाबा कॉन्व्हेंटात माळी होते म्हणून मला तिथे फुकट शिकायला मिळालं, आणि दादा आईबरोबर गावी शेतात राहिला, एवढं तुला माहीत आहे. ते इंग्रजी कसं शिकवलं ते ऐक. मराठी बोललेल्या मुलीच्या गळ्यात एक लाकडी पाटी अडकवत. ती काढायचा एकच मार्ग होता. दुसरी मुलगी मराठी बोलताना पकडायची आणि पाटी तिच्या गळ्यात घालायची. शाळा सुटताना जिच्या गळ्यात पाटी असेल तिने भिंतीकडे तोंड करून उभं राहायचं. मी एकदाही भिंतीशी उभी राहिले नाही. माझे कान फार तिखट होते. मागच्या अंगणात एखादी मुलगी आपल्या धाकट्या बहिणीला 'रडू नको' म्हणाली तरी मी तिथे पोचायचे.

त्या कानांनी मी तुझी गाणी ऐकली.

तू लावणी करताना रचायचीस, वाकलेली असताना, आणि घरी येऊन दादाला म्हणून दाखवायचीस. मी सुट्टीत आले की वहीत उतरवायचे. तू म्हणालीस,

चिकलात उबी मी, रोप माज्या हाती गो
भात तुज्या नावाव, चिकल माज्या माथी गो

मी लिहिलं,

कर्दमी उभी मी, रोप माझ्या हाती
धान्य तुझ्या नावे, कर्दम माझ्या माथी

पोटरीभर चिखलात उभ्या असलेल्या बाईच्या तोंडात मी कर्दम घातला. कोर्टात साक्षीदाराच्या तोंडचा एक शब्द बदलला असता तर माझी नोकरी गेली असती. तिथे माणूस जे बोलला ते मी आयुष्यभर तसंच लिहिलं. घरी मात्र तुझी साक्ष बदलली, आणि तू कौतुकाने बघत राहिलीस, नणंद किती भराभर लिहिते म्हणून. लोकांना वाटतं बाईचं तोंड मारून बंद करतात. मारलं की रडणं थांबतं, तोंड बंद होत नाही. तोंड बंद करायचं तर तिला सांगायचं, तुझं म्हणणं छान आहे गं, फक्त असं म्हणू नये. मी ते केलं, आणि प्रेमाने केलं. आता त्याच कर्दमावरून दर्शनने सिद्ध केलं की गाणं माझं.

नाचणाऱ्यांनी तो शब्द कधी मानला नाही, एवढं बरं. वहीत कर्दम, तोंडात चिकलच. पलीकडच्या वाडीत ऐकू जाईल असा.

रविवारी सकाळी हॉल भरला होता. शाल झाली, नारळ झाला. अध्यक्ष म्हणाले, सावित्रीताईंनी स्त्रीच्या दुःखाला भाषा दिली. तिथे मी उठले आणि त्यांच्या हातातला माइक घेतला. म्हटलं, भाषा मी दिलेली नाही. होती ती काढून घेतली. ही गाणी माझी नाहीत आणि माझ्या भावाचीही नाहीत, माझ्या वहिनीची आहेत.

मग त्या दिवसाचं सांगितलं. तू विसरली असशील असं मी फार वर्षं स्वतःला समजावलं. पण तू विसरलेली नाहीस. एक्याऐंशी साल, गणपतीच्या आधीचा रविवार. दादा पडवीत झांज घेऊन बसला होता, तू आत भाकऱ्या थापत होतीस, मी उंबऱ्यावर वही घेऊन. चिखलाचं गाणं पुरं झालं होतं, शेवटचं कडवं राहिलं होतं. तोवर दादा दुसऱ्यांची गाणी गायचा, हे आपल्या घरातलं पहिलं. दादाने विचारलं, "सावे, हितं नाव कोनाचा घालायचा?" त्याने विचारलं होतं, वहिनी. तो स्वतःचं नाव घालायला निघालेला नव्हता. तो गेल्यावर मी मनातल्या मनात सगळं त्याच्या माथी मारलं, मेलेला माणूस नाही म्हणत नाही म्हणून. आणि आतून, हातातली भाकरी न थांबवता, तू विचारलंस, "माजा नाव बसंल काय गो त्यात?"

मी हसले.

हसून थांबले नाही. म्हटलं, वहिनी, बाईचं नाव घेऊन कोणता पुरुष नाचेल? आणि लिहून टाकलं, 'म्हणे शाहीर हरिश्चंद्र'. दादाने मान हलवली. तू पुढची भाकरी थापायला घेतलीस. त्यानंतर तू चाळीस गाणी दिलीस आणि पुन्हा एकदाही विचारलं नाहीस. दादाच्या बाराव्याला मात्र तू मला म्हणालीस, "सावे, गानी पन गेली त्यांच्यासंगं." मला समजलं होतं तू काय म्हणतेस ते. मी म्हटलं, जातील कशाला, वहीत आहेत ना. त्या दिवसापासून तू मला 'बरी हायस ना' याच्यापुढे काही विचारत नाहीस.

हे सगळं मी माइकवर सांगितलं. हसले होते, हेही.

मला वाटलं हॉल हादरेल. कोणी हादरलं नाही. तिसऱ्या रांगेत रघू बसला होता, दादाच्या मागे झांज वाजवायचा तो, आता ऐंशीचा आहे. तो बसल्या जागेवरून म्हणाला, "बाय, ह्ये आमाला ठाव व्हता."

"काय ठाऊक होतं?"

"वयनीची गानी. लावनीच्या टायमाला आमी बांधाव उबं ऱ्हाऊन पाठ करायचो. सगल्यांना ठाव व्हता."

"मग चाळीस वर्षं बोलला का नाहीत?"

"कोनी इचारलानच नाय."

आणि बाकीची म्हातारी माणसं माना डोलवत होती, जणू यंदा आंबा कमी आला असं कोणी म्हटलंय. तेव्हा माझा खरा संताप झाला. मी मोठं गुपित फोडायला निघाले होते, आणि गुपित नव्हतंच. सगळ्या गावाला माहीत होतं. सगळ्यांनी मिळून, कोणी कोणाला न सांगता, तुझं नाव घ्यायचं टाळलं होतं. मी त्यांना तिथेच सुनावलं. म्हटलं, जिच्या गाण्यांवर तुम्ही तुरेवाल्यांना गप्प केलंत आणि डोक्याला फेटे बांधून घेतलेत, तिला एका तरी नाचात पुढे पाट मांडून बसवलंत का? शक्तीचा जयजयकार करून तुमचे घसे बसायचे, आणि तुमच्यासाठी चहाची पातेली ती घासत होती. अध्यक्ष घड्याळाकडे बघायला लागले. मी म्हटलं, बघा, बघा, बराच उशीर झालाय. शाल खुर्चीवर ठेवली, टेबलावरच्या वह्या उचलल्या आणि घरी आले. नारळ तेवढा आणला, त्याची सोलकढी केली.

पुस्तक थांबलंय. मंडळाने निरोप पाठवला की दोघांचं नाव घालू, हरिश्चंद्र आणि मथुरा. मी कळवलं, अर्धी गाणी कोणाची होती ते आधी दाखवा. सर्वेश माझा फोन उचलत नाही. तुला फोन करेल आणि सांगेल की आत्याने घराची अब्रू घालवली. ऐकून घे आणि मग विचार, घराच्या अब्रूत कोणाकोणाची अब्रू धरतोस. दर्शन काल आला होता, मान खाली घालून. त्याची चूक त्याने मान्य केली, पण पाच मिनिटांत त्याच्या डोक्यात दुसरा लेख तयार. निरक्षर कवयित्री म्हणे. तुझ्याकडे रेकॉर्डर घेऊन यायचं म्हणत होता. मी म्हटलं, बाबा, तिला तुझ्या लेखात राहायचंय का, हे आधी तिला विचारू. एवढी वर्षं तेवढंच राहून गेलंय.

आणि आता जे विचारायला हे पत्र लिहायला घेतलं ते.

वाडीतल्या मुलींनी यंदा स्वतःचा नाच बसवलाय. पहिल्यांदाच. रघूची नात समीक्षा गाते. तिचा आवाज असा आहे की तिला माइक देऊ नये, वाया जाईल. चिखलाचं गाणं त्यांनी घेतलंय, रघूने तोंडी शिकवलं, तुझ्या शब्दांत. काल समीक्षा मला विचारायला आली, आजी, शेवटच्या कडव्यात नाव कोणाचं घेऊ? मी म्हटलं, माझ्या भावाचं घ्यायचं नाही, माझं तर नाहीच. ती म्हणाली, मग मथुराआजीचं घेते.

मी म्हटलं, थांब.

तुझ्या लग्नात ताटातल्या तांदळावर अंगठीने नाव लिहायची वेळ आली आणि दादाला काही सुचेना. तू सखू होतीस. मी पंधरा वर्षांची. कॉन्व्हेंटातल्या मैत्रिणींना वहिनीचं नाव सखू म्हणून सांगायचं तर मला मेल्याहून मेल्यासारखं झालं असतं. मी दादाच्या कानात सांगितलं, मथुरा लिही. त्याने लिहिलं. बायकांनी पेढे वाटले. तू खाली वाकून ताटाकडे बघत होतीस, पण तुला अक्षर येत नव्हतं. तुझं नाव आता काय आहे, हे तुला दुसऱ्या कोणीतरी वाचून दाखवावं लागलं. तेही मीच दाखवलं.

म्हणजे मथुरा हीसुद्धा माझीच दुरुस्ती आहे. पंचावन्न वर्षं तू तिला ओ दिलीस. ते नाव आता तुझं झालं असेल, किंवा कधीच झालं नसेल. मला माहीत नाही, आणि या वेळी मी ठरवणार नाही.

गणपतीला पंधरा दिवस आहेत. तोवर मुलींना सांगितलंय, तालमीत त्या जागी कोणी काही म्हणायचं नाही, नुसता मृदंग वाजू दे. तू सखू म्हणालीस तर सखू. मथुरा म्हणालीस तर मथुरा. तिसरंच काही म्हणालीस तर ते. आणि नकोच म्हणालीस, तर त्या जागी यंदा मृदंगच वाजेल आणि तिन्ही वह्या मी स्वतः नालासोपाऱ्याला आणून तुझ्या हातात देईन. तुझ्या हाताने नळाखाली धर, शाई वाहून जाईपर्यंत मी बघत बसेन.

मला माफ कर असं लिहीत नाही. माफी मागितली की समोरच्याला उत्तर द्यावं लागतं, आणि तुझ्याकडून मी पुष्कळ घेतलंय.

ऋतिका, आता तुझं काम. आजी जे बोलेल ते तिच्याच शब्दांत लिही. ती चिकल म्हणाली तर चिखल लिहू नकोस. मला शिवी दिली तर ती पूर्ण लिही, मधे टिंबं नकोत. ती काही न बोलता बसून राहिली, तर आजी बसून राहिली एवढंच लिही, त्यात तुझं काही घालू नकोस. लिहून झालं की तिच्या उजव्या कानाशी परत वाच, आणि ती "व्हय" म्हणाली तरच पाकीट बंद कर.

तू सांगशील ते, जसं सांगशील तसं, लिहून घ्यायला बसलेली,
सावित्री